कोर्टापासून संसदेपर्यंत : खानदेशातील वकील-खासदाराचे चरित्र कसे लिहावे

वकिली करता करता विधिमंडळात आणि तेथून संसदेत पोहोचलेल्या माणसाचे चरित्र लिहिणे वरवर सोपे वाटते, कारण अशा माणसाच्या आयुष्यातील पदे आणि तारखा फारसे कष्ट न घेता हाती लागतात. खरी अडचण नेमकी येथूनच सुरू होते. जन्म, शिक्षण, सनद, पहिली निवडणूक, मंत्रिपद, सन्मान आणि निधन अशी माळ ओवली की आपले काम झाले असे लेखकाला वाटते, आणि वाचकाच्या हाती मात्र कोनशिलेवरचा मजकूर पडतो. वकील-खासदाराच्या चरित्रात उत्तर शोधायचे असते ते एकाच प्रश्नाचे : कोर्टात वाद घालताना या माणसाने जे कमावले, त्यातले काय त्याने कायदा घडवताना वापरले? या प्रश्नाचे उत्तर पदांच्या यादीत सापडत नाही. ते दाव्यांच्या कागदांत आणि सभागृहाच्या कार्यवाहीत सापडते. म्हणून पुढील मार्गदर्शनात या दोन ठिकाणी अधिक वेळ घालवला आहे आणि बाकीच्या गोष्टी आवरत्या घेतल्या आहेत.

जळगाव, धुळे किंवा नंदुरबार जिल्ह्यातील कायद्याचे विद्यार्थी, स्थानिक इतिहासाचे अभ्यासक आणि वकील संघाच्या स्मरणिकेचे काम अंगावर येऊन पडलेले तरुण वकील यांना डोळ्यांसमोर ठेवून हे लिहिले आहे. उदाहरणादाखल तीन व्यक्ती घेतल्या आहेत. पहिले हरी विनायक पाटसकर : चाळीसगावी वकिली केलेले, संविधान सभेचे सदस्य, १९५२ मध्ये जळगावातून लोकसभेवर गेलेले आणि पुढे केंद्रीय विधी मंत्रालयात मंत्री झालेले. दुसऱ्या प्रतिभाताई पाटील, ज्यांनी जळगाव जिल्हा न्यायालयात वकिलीची सुरुवात केली आणि ज्या राज्यसभा व लोकसभा या दोन्ही सभागृहांत बसल्या. तिसरे उज्ज्वल निकम, ज्यांची वकिली जळगावात सुरू झाली आणि जे जुलै २०२५ मध्ये राज्यसभेवर नामनियुक्त झाले. तिघांपैकी पाटसकरांवर येथे भर आहे, कारण माझ्या मते त्यांच्या कामाच्या मानाने खानदेशात त्यांचे नाव फारच कमी निघते.

आधी नकाशा, मग माणूस

लिहायला बसण्यापूर्वी प्रशासकीय बदलांचा एक पानी तक्ता तयार करावा. जुना खानदेश जिल्हा १९०६ मध्ये विभागला जाऊन पूर्व खानदेश आणि पश्चिम खानदेश असे दोन जिल्हे झाले; पूर्वचे मुख्य ठाणे जळगाव आणि पश्चिमचे धुळे. महाराष्ट्र राज्य झाल्यानंतर हेच जिल्हे जळगाव आणि धुळे या नावांनी ओळखले जाऊ लागले, आणि १ जुलै १९९८ रोजी धुळ्यातून नंदुरबार हा वेगळा जिल्हा निघाला. १९३० च्या कागदात 'जळगाव जिल्हा' शोधणाऱ्याला काहीच सापडत नाही, याचे कारण एवढेच असते.

मतदारसंघांच्या बाबतीत हा गोंधळ अधिक होतो. पाटसकर १९५२ मध्ये जळगाव मतदारसंघातून निवडून आले. १९५७ च्या लोकसभेत नौशेर भरुचा यांच्या नावापुढे 'पूर्व खानदेश' असा मतदारसंघ दिसतो, आणि नंतर जळगाव हे नाव पुन्हा येते. २००८ च्या पुनर्रचनेत एरंडोल मतदारसंघ गेला आणि रावेर आला. रावेरमध्ये बुलढाणा जिल्ह्यातले मलकापूर आहे, धुळे मतदारसंघात नाशिक जिल्ह्यातले मालेगाव आणि बागलाण आहे, आणि धुळे जिल्ह्यातील साक्री व शिरपूर मात्र नंदुरबार मतदारसंघात मोडतात. 'धुळ्याचे खासदार' असे लिहिताना कोणत्या वर्षीचे धुळे, हे म्हणून स्पष्ट केले पाहिजे. २००८ पूर्वी हा मतदारसंघ अनुसूचित जमातींसाठी राखीव होता, आज तो खुला आहे, आणि या एका बदलामुळे उमेदवार कोण असू शकतो हेच बदलून जाते.

वकिलीची वर्षे कशी शोधावीत

सुरुवात सनदेपासून करावी. ॲडव्होकेट्स ॲक्ट १९६१ मध्ये आला आणि वकिलांचा एकच वर्ग झाला. त्यापूर्वी वकील, प्लीडर, मुखत्यार, ॲडव्होकेट असे वेगवेगळे दर्जे होते आणि कोणाला कोणत्या कोर्टात उभे राहता येईल हे त्या दर्जावर ठरत असे. तेव्हा जुन्या वकिलाबद्दल 'हायकोर्टात वकिली केली' असे वाक्य घरच्या मंडळींकडून आले तर आधी त्याचा दर्जा पाहावा. १९६१ नंतरच्या वकिलाचा सनद क्रमांक राज्याच्या बार कौन्सिलकडे असतो आणि त्यातच नोंदणीचे वर्ष दिलेले असते. ते वर्ष आणि पहिल्या निवडणुकीचे वर्ष शेजारी शेजारी लिहिले की वकिली किती काळ झाली याचा खरा अंदाज येतो.

हा अंदाज कधी कधी लेखकाला नको असतो. प्रतिभाताईंचा जन्म १९ डिसेंबर १९३४ चा; जळगावच्या मूळजी जेठा महाविद्यालयात शिक्षण, मुंबईच्या शासकीय विधी महाविद्यालयातून कायद्याची पदवी, जळगावच्या कोर्टात सुरुवात, आणि १९६२ मध्ये, वयाच्या सत्ताविसाव्या वर्षी, जळगावातून विधानसभेवर निवड. हा हिशेब मांडला की वकिलीला मिळालेला काळ थोडा होता हे उघड होते. तो थोडाच होता असे सरळ लिहावे. 'नामांकित वकील' हे विशेषण येथे चिकटवण्याची गरज नाही. त्यांचे कर्तृत्व विधिमंडळात आणि सभागृह चालवण्यात आहे, आणि ते पुरेसे मोठे आहे. याउलट पाटसकर किंवा निकम यांच्या बाबतीत वकिली हाच आयुष्याचा मोठा भाग आहे, आणि तेथे चार ओळींत ती उरकणे म्हणजे चरित्राचा पायाच काढून घेणे.

कोर्टाच्या कागदांसाठी नकलेचा अर्ज करावा लागतो, आणि अर्जात कोर्टाचे नाव, दाव्याचा क्रमांक, वर्ष आणि पक्षकारांची नावे लागतात. येथेच बहुतेकांची गाडी अडते, कारण घरात फक्त 'आजोबांनी अमुक गावच्या जमिनीचा मोठा दावा जिंकला होता' एवढेच माहीत असते. अशा वेळी उलट्या बाजूने जावे. ज्या गावाचा उल्लेख आहे तेथे जुने फेरफार पाहावेत. कोर्टाच्या हुकूमनाम्यावरून मालकी बदलली असेल तर फेरफाराच्या नोंदीत बहुधा दाव्याचा क्रमांक आणि निकालाची तारीख सापडते. ती हाती आली की अभिलेख कक्षातला शोध तासाभराचा होतो. मात्र निकाली प्रकरणांचे सगळेच कागद कायम ठेवले जात नाहीत; वर्गवारीनुसार काही ठरावीक मुदतीनंतर नष्ट केले जातात. निकालपत्र आणि हुकूमनामा मिळण्याची शक्यता अधिक, रोजनामा, म्हणजे दर तारखेच्या कामकाजाची नोंद, आणि किरकोळ अर्ज मिळण्याची कमी. निकालपत्र मिळाले तर केवळ शेवटचा हुकूम वाचून थांबू नये. न्यायाधीशांनी दोन्ही बाजूंचा युक्तिवाद जेथे नोंदवला आहे, तेथे आपल्या वकिलाचे डोके कसे चालत होते ते दिसते.

अपिलांचा माग काढताना एक भूगोल लक्षात ठेवावा. मुंबई उच्च न्यायालयाचे औरंगाबाद, म्हणजे आजचे छत्रपती संभाजीनगर, येथील कामकाज ऑगस्ट १९८१ मध्ये सुरू झाले, आणि जळगाव, धुळे व नंदुरबार जिल्ह्यांची अपिले आज तेथे जातात. त्यापूर्वीची अपिले मुंबईत चालली, म्हणून त्यांचे कागद मुंबईत शोधावेत. छापील निकालसंग्रहांत तालुक्याच्या वकिलाचे नाव दिसले नाही म्हणून निराश होऊ नये, कारण तेथे अपिलात उभ्या राहिलेल्या वकिलाचे नाव छापले जाते आणि खाली साक्षी-पुरावा उभा करणारा वकील अनामिक राहतो. जुन्या खतपत्रांची लिपी मोडी असेल तर वाचणारा गाठावा लागेल. धुळ्याच्या राजवाडे संशोधन मंडळापासून त्याची चौकशी सुरू करता येईल.

घरी वकिलाच्या जुन्या फायली सापडल्या तर आनंद होतो, पण तेथे हात आखडता घ्यावा. अशिलाने वकिलाला विश्वासाने सांगितलेली गोष्ट कायद्याने संरक्षित आहे. १८७२ च्या पुरावा कायद्यात ती तरतूद कलम १२६ मध्ये होती आणि १ जुलै २०२४ पासून लागू झालेल्या भारतीय साक्ष अधिनियमात ती कलम १३२ मध्ये आहे. वकील-अशील हे नाते संपल्यावरही हे बंधन संपत नाही. खुल्या कोर्टात जे दाखल झाले ते वापरावे. ऑफिसातल्या टिपणवहीत जे अशिलाने सांगितले, ते तेथेच राहू द्यावे. खानदेशात भाऊबंदकीचे दावे तीन-तीन पिढ्या चालतात, आणि आजोबांच्या वहीतील एका ओळीवरून नातवंडांत नव्याने वाद पेटायला वेळ लागत नाही.

सभागृहातील शब्द

आता मुख्य काम. संविधान सभेची आणि संसदेची कार्यवाही छापील खंडांत आहे आणि बरीचशी संगणकावरही वाचता येते. संविधान सभा ९ डिसेंबर १९४६ रोजी प्रथम भरली आणि तिची शेवटची बैठक २४ जानेवारी १९५० रोजी झाली. या खंडांत पाटसकरांचे नाव 'मुंबई : सर्वसाधारण' अशा कंसासह येते, खानदेशाचा उल्लेख त्यात नसतो. १९५२ नंतरच्या लोकसभेच्या खंडांत प्रश्नोत्तरे एका भागात आणि इतर कामकाज दुसऱ्या भागात छापले आहे, त्यामुळे एकच भाग चाळून 'आमचे खासदार बोललेच नाहीत' असा निष्कर्ष काढू नये. मंत्री झाल्यावर सदस्याच्या नावाची जागाही बदलते. १९५५ च्या हिंदू विवाह विधेयकाच्या चर्चेत आधी 'विधी मंत्रालयातील मंत्री' असे पद छापले आहे आणि कंसात 'श्री. पाटसकर' एवढेच आहे. मतदारसंघाच्या नावाने शोध घेणाऱ्याला हे पान सापडणारच नाही. नाव, आडनाव, पद आणि मतदारसंघ अशा चारही वाटांनी शोधावे.

पद नेमके काय होते हेही येथेच पक्के करावे. पाटसकरांना सरसकट 'देशाचे कायदामंत्री' म्हटले जाते, पण त्या काळात विधी खात्याची मुख्य जबाबदारी चारुचंद्र बिस्वास यांच्याकडे होती आणि पाटसकर त्याच मंत्रालयात मंत्री होते. यामुळे त्यांचे महत्त्व कमी होत नाही, कारण लोकसभेत विधेयके मांडून ती कलमागून कलम तडीस नेण्याचे काम त्यांच्याकडे होते. पण चरित्रकाराने पद फुगवले की पुढच्या सगळ्या मजकुरावरचा विश्वास उडतो.

हिंदू संहितेच्या, म्हणजे हिंदूंचे विवाह, वारसा आणि दत्तक यांबाबतचे नियम एकत्र बांधणाऱ्या विधेयकाच्या, बाबतीत श्रेयाची वाटणी काळजीपूर्वक करावी. १९४१ मध्ये बेनेगल नरसिंग राव यांच्या अध्यक्षतेखाली समिती नेमली गेली; स्वातंत्र्यानंतर विधिमंत्री डॉ. बाबासाहेब आंबेडकर यांनी हे विधेयक अंगावर घेतले, आणि ते रखडल्यामुळे सप्टेंबर १९५१ मध्ये त्यांनी राजीनामा दिला. पहिल्या सार्वत्रिक निवडणुकीनंतर त्या एका मोठ्या विधेयकाचे तुकडे करण्यात आले आणि त्यातून हिंदू विवाह कायदा १९५५, हिंदू उत्तराधिकार कायदा १९५६, अज्ञानत्व व पालकत्व कायदा १९५६ आणि दत्तक व निर्वाह कायदा १९५६ असे चार कायदे झाले. पाटसकरांचे काम या शेवटच्या टप्प्यातले आहे. ज्याने पाया घातला त्याचे नाव न घेता कळस चढवणाऱ्याचे कौतुक करणे खानदेशातल्या वाचकालाही पटणार नाही. विवाह आणि उत्तराधिकार ही दोन्ही विधेयके आधी राज्यसभेत आली होती, म्हणून त्या सभागृहाचे खंड आणि संयुक्त समितीचा अहवालही सोबत ठेवावा; लोकसभेतले भाषण एकटे वाचले तर मंत्री कोणत्या आक्षेपाला उत्तर देत आहे हेच कळत नाही.

वाचण्याची माझ्या मते उत्तम पद्धत अशी. विधेयकाचा मूळ मसुदा आणि मंजूर झालेला कायदा शेजारी शेजारी ठेवावा, कोठे शब्द बदलले ते अधोरेखित करावे, आणि मग त्या बदलाची चर्चा कार्यवाहीत शोधावी. विधेयकातील खंड आणि कायद्यातील कलम यांचे क्रमांक दर वेळी जुळत नाहीत, तेव्हा विषयावरून जावे. प्रास्ताविकाचे लांब भाषण बहुधा मंत्रालयात तयार झालेले असते, पण कलमवार चर्चेत एखादा सदस्य अचानक आडवा प्रश्न टाकतो आणि मंत्र्याला उभ्या उभ्या उत्तर द्यावे लागते. तालुका कोर्टात वर्षानुवर्षे उलटतपासणी घेतलेला माणूस तेथे ओळखू येतो. म्हणून चरित्रात उतारे घ्यायचे तर ते कलमवार चर्चेतून घ्यावेत.

पाटसकरांच्या बाबतीत कोर्ट आणि सभागृह यांना जोडणारे काही धागे कायद्याच्या इतिहासातच मिळतात. मुंबई प्रांतात द्विभार्या प्रतिबंधाचा कायदा १९४६ मध्ये आणि हिंदू घटस्फोटाचा कायदा १९४७ मध्येच झाला होता, म्हणजे केंद्रात ज्यावर वादळ उठले त्या गोष्टी चाळीसगाव-जळगावच्या कोर्टांत काही वर्षे आधीपासून चालत होत्या. शिवाय खानदेशातल्या अनेक जातींत काडीमोड आणि पाट, म्हणजे स्त्रीचा पुनर्विवाह, पूर्वापार होते. विवाह कायद्याच्या कलम २९ च्या दुसऱ्या पोटकलमाने रूढीप्रमाणे मिळणारा काडीमोडीचा हक्क अबाधित ठेवला आहे, आणि कलम २ मधील तरतुदीमुळे केंद्राने अधिसूचना काढल्याखेरीज हा कायदा अनुसूचित जमातींना लागू होत नाही. उत्तराधिकार कायद्यातही तशीच तरतूद आहे; धडगाव-अक्कलकुव्याकडील भिल्ल आणि पावरा कुटुंबांतील वारसाचे प्रश्न या कायद्याबाहेर राहतात ते त्यामुळेच. या दोन तरतुदींवरची चर्चा खानदेशी चरित्रकाराने ओळ न ओळ वाचावी आणि जिल्ह्यातल्या व्यवहाराची छाया त्यात कोठे पडली आहे ते दाखवावे. छाया नसेल तर ती ओढूनताणून आणू नये.

कायद्याचा परिणाम दाखवायला दिल्लीला जावे लागत नाही. उत्तराधिकार कायद्याच्या कलम १४ ने हिंदू स्त्रीच्या ताब्यातील मालमत्तेवर तिची पूर्ण मालकी मान्य केली. त्यापूर्वी १९३७ च्या कायद्याने विधवेला मिळणारा हक्क तिच्या हयातीपुरता मर्यादित होता. वडिलोपार्जित एकत्र मिळकतीत मुलीला मुलाच्या बरोबरीने जन्मतः हक्क मात्र १९५६ च्या कायद्याने दिला नव्हता. तो महाराष्ट्रात १९९४ च्या दुरुस्तीने आणि देशभर २००५ च्या दुरुस्तीने आला. चरित्रात हा फरक गाळला की पाटसकरांच्या कायद्याला नसलेले श्रेय मिळते. एखाद्या गावचा सातबारा आणि त्यावरील वारस नोंदींचे फेरफार १९५० पासून आजवर क्रमाने लावून पाहावेत : आधी फक्त मुलगे, मग 'इतर हक्कात' बहिणी, मग कब्जेदार सदरात त्यांची नावे, आणि पुष्कळदा लगेच पुढच्याच फेरफाराने हक्कसोड. कायदा आणि घर यांच्यातील अंतर एवढ्या कागदांत दिसते. गावाचे आणि खातेदाराचे नाव मात्र लेखात देऊ नये.

अध्यक्षस्थानी बसलेल्या व्यक्तीचे चरित्र लिहिताना पद्धत बदलावी लागते. प्रतिभाताई १९८५ मध्ये राज्यसभेवर गेल्या आणि नोव्हेंबर १९८६ ते नोव्हेंबर १९८८ या काळात उपसभापती होत्या. पीठासीन व्यक्ती चर्चेत भाग घेत नाही; तिचे काम निर्णय देणे, वेळ राखणे आणि तापलेले सभागृह थंड करणे हे असते. त्यामुळे येथे भाषणे मोजण्यापेक्षा गदारोळाच्या दिवसांची कार्यवाही काढावी आणि हरकतीच्या मुद्द्यांवर दिलेले निर्णय वाचावेत. सध्याच्या खासदारांच्या बाबतीत प्रश्नांची संख्या आणि उपस्थितीची टक्केवारी सहज मिळते, म्हणून लेखांत तीच मिरवली जाते. तारांकित प्रश्नावर सभागृहात तोंडी पुरवणी प्रश्न विचारता येतात आणि अतारांकित प्रश्नाचे उत्तर लेखी पटलावर ठेवले जाते. शंभर अतारांकित प्रश्नांपेक्षा एका तारांकित प्रश्नावरची दोन मिनिटांची चकमक चरित्राला अधिक उपयोगी पडते. खासगी सदस्याचे विधेयक मांडले असेल तर त्याचा मसुदा जरूर वाचावा. आजवर अशी चौदाच विधेयके कायदा झाली आहेत आणि त्यातले शेवटचे १९७० मधले, म्हणून विधेयक मंजूर झाले नाही याला अपयश म्हणू नये. वकील-खासदाराची स्वतःची मते मंत्रालयाची कात्री न लागता तेथे उतरलेली असतात.

निवडून येणे आणि नामनियुक्त होणे

हा भाग थोडक्यात आटोपता येतो. १९५१-५२ पासूनच्या निवडणुकांचे आकडे निवडणूक आयोगाच्या अहवालांत आहेत, ते तेथूनच घ्यावेत. स्मरणिकांतील 'प्रचंड मताधिक्य' आकड्याशिवाय लिहू नये. २००२-०३ मधील सर्वोच्च न्यायालयाच्या निकालांनंतर उमेदवाराला मालमत्ता, शिक्षण आणि गुन्हेगारी प्रकरणे यांचे शपथपत्र द्यावे लागते. वकील-उमेदवाराच्या शपथपत्रावरून व्यवसाय आणि उत्पन्नाचा माग लागतो. पराभव लपवू नयेत. निकम यांनी २०२४ मध्ये मुंबई उत्तर मध्य मतदारसंघातून लोकसभा लढवली आणि ते वर्षा गायकवाड यांच्याकडून १६,५१४ मतांनी पराभूत झाले. पुढच्या वर्षी राज्यसभेवर आले ते राष्ट्रपतींच्या नामनियुक्तीने. संविधानाच्या अनुच्छेद ८० नुसार साहित्य, विज्ञान, कला आणि समाजसेवा या क्षेत्रांतील बारा व्यक्तींना असे नेमता येते. निवडून येणे आणि नेमले जाणे यांतला फरक वाक्यात स्पष्ट दिसला पाहिजे. मतदारसंघ घराबाहेरचा असेल तर त्याचेही कारण द्यावे : प्रतिभाताई १९९१ मध्ये लोकसभेवर गेल्या त्या जळगावातून नव्हे, तर सासरच्या अमरावतीतून.

खासदार झाल्यावर वकिली संपली असेही गृहीत धरू नये. आमदार-खासदारांना वकिली करण्यास मनाई नाही, असे सर्वोच्च न्यायालयाने सप्टेंबर २०१८ मध्ये स्पष्ट केले.

ऐकीव गोष्टींची उलटतपासणी

वकिलांभोवती किस्से फार जमतात, आणि वकील स्वतःही ते रंगवून सांगतात. सर्वांत बोलका नमुना निकम यांचाच आहे. २६ नोव्हेंबर २००८ च्या मुंबई हल्ल्याच्या खटल्यात ते सरकारी वकील होते. त्यातील आरोपी कसाबने तुरुंगात बिर्याणी मागितली, असे त्यांनी त्या वेळी माध्यमांना सांगितले होते, आणि ते वर्षानुवर्षे खरे मानले गेले. मार्च २०१५ मध्ये जयपूरच्या एका परिषदेत त्यांनीच सांगितले की कसाबने तशी मागणी केलीच नव्हती. त्याच्या बाजूने निर्माण होत असलेली भावनेची लाट मोडण्यासाठी ते आपण रचले होते. चरित्रकाराने या प्रसंगातील दोन्ही विधाने तारखांसह द्यावीत, आणि खटल्याबद्दल लिहिताना आधार घ्यावा तो निकालपत्राचा. सत्र न्यायालयाने मे २०१० मध्ये फाशी सुनावली, सर्वोच्च न्यायालयाने ऑगस्ट २०१२ मध्ये ती कायम केली, आणि २१ नोव्हेंबर २०१२ रोजी येरवड्यात ती अमलात आली. चरित्रनायकाचे स्वतःचे म्हणणे हीदेखील एक साक्षच असते, आणि तिला इतर पुराव्याचा आधार लागतो.

म्हाताऱ्या कारकुनांच्या, जुन्या पक्षकारांच्या आणि प्रतिपक्षाच्या वकिलांच्या मुलाखती जरूर घ्याव्यात. बोलणारा अहिराणीत बोलत असेल तर ती अहिराणीतच टिपून घ्यावी. लेखात प्रमाण मराठी वापरली तरी मूळ शब्द हाताशी असू द्यावेत, कारण 'वकीलसायेबनी सांगं' यापुढे आलेले वाक्य आठवणीतले आहे की ऐकीव, हे सांगणाऱ्याच्या सुरावरून पुन्हा ताडून पाहता येते. प्रत्येक किश्श्याला तीन प्रश्न विचारावेत : सांगणारा तेथे होता का, त्या तारखेला ते कोर्ट तेथे होते का, आणि विरुद्ध बाजू काय म्हणते. गौरवग्रंथातील लेख तर प्रतिज्ञेवर दिलेली साक्षसुद्धा नसते. त्यातून तारखा आणि नावे घ्यावीत, विशेषणे सोडून द्यावीत.

संसदेनंतरची वर्षे

पुष्कळ चरित्रे संसदेच्या पायरीवरच संपतात, आणि पाटसकरांच्या बाबतीत हे मोठे नुकसान ठरेल. १९५७ ते १९६५ ते मध्य प्रदेशचे राज्यपाल होते, १९६३ मध्ये त्यांना पद्मविभूषण मिळाले, आणि नंतर ते पुणे विद्यापीठाचे कुलगुरू झाले. ही पदे एका परिच्छेदात मावतात. पण आंध्र आणि मद्रास यांच्या सीमेबाबत त्यांनी १९५७ मध्ये दिलेल्या निवाड्याला स्वतंत्र प्रकरण द्यावे. त्या निवाड्याच्या आधारे १९५९ मध्ये संसदेने कायदा केला आणि १ एप्रिल १९६० पासून तिरुत्तणीसारखा भाग मद्रासकडे गेला. खेडे हा घटक, भौगोलिक सलगता, सापेक्ष भाषिक बहुसंख्या आणि लोकेच्छा ही तत्त्वे 'पाटसकर सूत्र' या नावाने बेळगाव-कारवारच्या वादात महाराष्ट्राने पुढे सातत्याने मांडली. सीमाभागातल्या सभांत हे नाव घेतले जाते, पण हे पाटसकर म्हणजे चाळीसगावचे वकील, हे तेथे आणि येथेही थोड्यांनाच ठाऊक असते. हे प्रकरण लिहिताना निवाड्याचा मूळ मजकूर आणि नकाशे समोर ठेवावेत. खेड्याखेड्याचा वेगळा विचार करून पुराव्यावर हद्द ठरवण्याची ही रीत शेतीच्या बांधाचे दावे चालवलेल्या वकिलाची आहे असे मला वाटते. चरित्रकाराने हे मत तसेच उचलू नये, त्यांच्या जुन्या दाव्यांच्या निकालपत्रांशी ताडून पाहावे.

मसुदा पूर्ण झाला की तो दोघांना वाचायला द्यावा : एक जुना दिवाणी वकील, जो कोर्टातील शब्दांच्या चुका काढील, आणि एक चरित्रनायकाच्या विरोधी पक्षातला जाणता कार्यकर्ता. दोघांनी काढलेले आक्षेप कागदाशी ताडून पाहावेत आणि जेथे कागद त्यांच्या बाजूने असेल तेथे मजकूर बदलावा. छपाईनंतर नकला, मुलाखतींच्या ध्वनिफिती आणि टिपणे यांची एक प्रत तालुक्याच्या वाचनालयात आणि दुसरी वकील संघाच्या ग्रंथालयात द्यावी, आणि सोबत कोणता कागद कोठून मिळाला याची हाताने लिहिलेली यादी ठेवावी.